प्रोमिथिअस आपला कोण लागतो?

दोस्तांनो, आपल्या पोरांच्या कविता मी हाताला लागतील तेवढ्या वाचतो. वहीतल्या, झेरॉक्सवरच्या, जयंतीच्या स्मरणिकेतल्या. आधी त्यात कर्ण असायचा, एकलव्य असायचा, शंबूक असायचा. ते अजून आहेतच. पण त्यांच्या पंगतीला आता प्रोमिथिअस येऊन बसलाय, सिसिफस बसलाय, एखाद्या ओळीत टँटलस पण. बाबासाहेबांना 'आमचा प्रोमिथिअस' म्हणणाऱ्या कविता तर मला एकापेक्षा जास्त दिसल्या. टाळ्या पडतात. कारण नाव जड आहे, आणि ऐकणाऱ्यातल्या निम्म्यांना ते माहीत नसतं. माहीत नसलेल्या नावाला टाळी देणं ही भिक्षुकानं लावलेली जुनी सवय आहे, ती आपल्यात पण मुरलीय.

नाव परदेशी आहे म्हणून माझी तक्रार नाही. 1972 साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली तिचं नाव अमेरिकेतल्या काळ्या पोरांच्या संघटनेवरून आलं. त्याच्याही आधी 99 वर्षं, 1873 ला, जोतिबांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या त्या लोकांना अर्पण केली ज्यांनी गुलामांना सोडवायला झीज सोसली. आणि ग्रीक लोक तर आपल्याला मुळीच नवे नाहीत. कार्ल्याच्या चैत्यात जा, खांब दान दिलेल्या धेनुकाकटच्या यवनांचे लेख खांबांवर आहेत. नाशिकच्या पांडवलेण्यात, (पांडवांचा तिथं काय संबंध, पण नाव चिकटलं ते चिकटलं) सतराव्या लेण्याचा दाता धम्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त, उत्तरेकडचा योनक. योनक म्हणजे ग्रीक. गांधारच्या शिल्पात बुद्धाशेजारी वज्रपाणी उभा असतो, त्याच्या काही मूर्ती बघा: डोक्यावरून सिंहाचं कातडं, अंगापिंडानं पैलवान. तो ग्रीकांचा हेराक्लिस आहे. त्यांचा सगळ्यात दांडगा वीर, आणि इथं येऊन तथागताच्या बाजूला राखणीला उभा राहिला.

आणि मिलिंद? तेव्हाच्या औरंगाबादेत बाबासाहेबांनी 1950 ला कॉलेज काढलं, त्या कॉलेजला पुढं मिळालेलं मिलिंद हे नाव ग्रीक राजा मिनँडरचं. परिसर नागसेनवन. आपल्या मराठवाड्यातल्या किती घरांत पहिला शिकलेला माणूस तिथून निघाला ते मोजायला बसलो तर रात्र पुरायची नाही. 'मिलिंदपञ्ह' वाचा. मिलिंद वादाला येतो तेव्हा नागसेन आधी अट घालतो. पंडितासारखा बोलणार असशील तर बोलू, राजासारखा बोलणार असशील तर नको. कारण पंडित हरला तर चिडत नाही, राजाला विरोध केला की तो दंड करतो. राजा कबूल होतो, मग वाद सुरू होतो.

माझं म्हणणं एवढंच की ग्रीकांच्या देवादिकांना आपल्या कवितेत घ्यायचं तर याच अटीवर घ्या. समोर बसवा, प्रश्न विचारा. गाव कोणतं, बाप कोण, गुन्हा काय, पोट कशावर भरतोस? ही चौकशी आपली पोरं करत नाहीत.

आता सिसिफस. डोंगरावर धोंडा ढकलत न्यायचा, वर गेला की तो खाली येतो, पुन्हा ढकलायचा. कवी लगेच म्हणतो, हा आमचा कामगार. काय राव! सिसिफस कॉरिंथचा राजा होता. न्यायला आलेल्या मृत्यूलाच त्यानं बांधून ठेवलं, नंतर बायकोला पढवून, क्रियाकर्म करू नको म्हणून सांगून, पाताळातून पुन्हा पळाला. त्या लबाडीची ती शिक्षा. राजाला झालेली शिक्षा मजुराच्या अंगावर चढवायची आणि तिला वास्तव म्हणायचं, हे कसं?

मी जिनिंगवर काम करतो. हंगामात कापूस येतो, सरकी एकीकडे, रुई एकीकडे. रुई दाबून गाठ बांधतात, 170 किलोची. ती गाठ संध्याकाळी परत माझ्याकडे घरंगळत येत नाही. ती ट्रकवर चढून जाते. तिचं सूत होतं, कापड होतं, तिच्यावर कुणीतरी पैसे करतो. माझ्या नाकात फक्त तूस राहतं. सिसिफसच्या धोंड्याला गिऱ्हाईक नाही. त्याच्या कष्टातून काही निपजत नाही, म्हणून ते कुणी लुटतही नाही. आपल्या कष्टातून निपजतं आणि ते जातं, हाच तर सगळा झगडा आहे. कामगाराला सिसिफस म्हटलं की मालक गोष्टीतून आपोआप बाहेर पडतो. राहतो फक्त माणूस, डोंगर आणि नशीब. काम्यूनं 1942 साली त्याच्यावर पुस्तक लिहिलं, शेवटी सुचवलं की हा माणूस सुखी आहे असं समजावं. फ्रान्स तेव्हा नाझींच्या टाचेखाली होता, त्याला तसं का वाटलं असेल ते मी समजू शकतो. पण रात्रपाळी करून सकाळी रेल्वेपुलाखालून घरी चाललेल्या माणसाला ते सांगून बघा.

टँटलसचं प्रकरण याहून वाईट. हनुवटीपर्यंत पाण्यात उभा, प्यायला वाकलं की पाणी आटतं. वर फळं, हात केला की वारा फांदी उडवतो. पाणवठ्यावर उभ्या केलेल्या आपल्या माणसाला टँटलसची उपमा सुचणं साहजिक आहे, चित्र जुळतं. पण टँटलसनं केलं काय होतं? स्वतःच्या पोराला, पेलोप्सला, कापून शिजवून देवांना जेवायला वाढलं. त्या पापाचं ते फळ. आता ही उपमा आपल्या आजीला लावा, जी ओंजळ पुढं करून विहिरीपासून लांब उभी राहायची. तिनं कोणाचं पोर कापलं होतं? पाताळातले ते सगळे प्रसिद्ध कैदी, सिसिफस, टँटलस, चाकाला बांधलेला इक्सिऑन, गुन्हेगार म्हणून तिथं आहेत. त्यांच्यात आपल्याला नेऊन उभं केलं की गुपचूप मान्य केलं की काहीतरी केलं असेल म्हणून भोगतोय. हा तर कर्मविपाक झाला. जो आपण पुढच्या दारानं हाकलला तो ग्रीक कपडे घालून मागच्या दारानं आत आला. बावीस प्रतिज्ञांत झ्यूसचं नाव नाही म्हणून त्याला सूट मिळते असं थोडंच आहे!

प्रोमिथिअस यांच्यातला नाही हे कबूल. त्यानं माणसासाठी विस्तव चोरला, पोकळ दांड्यात लपवून आणला. झ्यूसनं त्याला कड्याला जखडलं, गरुड रोज काळीज खायचा, रात्रीतून ते पुन्हा वाढायचं. एस्किलसच्या नाटकात तो शेवटपर्यंत झ्यूसला शरण जात नाही. बाणेदार माणूस. माणूस म्हणालो, पण तो माणूस नाही, तिथंच खोट आहे. तो देवांच्याच भाऊबंदातला, टायटन. वरून खाली देणारा. ज्यांना विस्तव मिळाला त्यांनी त्यासाठी काही केलेलं नाही. ते गोष्टीत नुसते घेणारे आहेत.

महाडला असं झालं का? 1923 साली मुंबईच्या कायदेमंडळात बोले यांचा ठराव पास झाला, 1924 ला महाड नगरपालिकेनं तळं खुलं केल्याचा ठराव केला. कागदावर तळं आपलं होतंच. 20 मार्च 1927 ला बाबासाहेब पुढं आणि हजारो माणसं मागं, दिवसाढवळ्या रांगेनं गेली आणि पाणी प्याली. चोरी नव्हती ती. ज्यांनी अडवलं होतं तेच कायद्यानं चोर होते. आणि पाणी कुणी आणून दिलं नाही, प्रत्येकानं स्वतःच्या ओंजळीनं घेतलं. नंतर शेणमूत टाकून तळं शुद्ध केलं, दिवाणी दावा लावला, तो मुंबई हायकोर्टात 17 मार्च 1937 ला निकालात निघाला. दहा वर्षं. झ्यूसच्या गरुडाला सुद्धा इतका चिवटपणा जमला नसता. या सगळ्याला 'अग्नी चोरून आणला' म्हणणं म्हणजे हक्काला चोरी म्हणणं आणि हजार ओंजळी पुसून एक मूर्ती ठेवणं. 25 नोव्हेंबर 1949 ला घटना समितीत बाबासाहेबांनीच बजावलं की राजकारणातली भक्ती हुकूमशाहीकडे नेते. त्यांना टायटन करणारा कवी ते भाषण वाचलेला नसतो, किंवा वाचून विसरलेला असतो. चोरीची खरी गोष्ट आपल्या साहित्यात वेगळीच आहे. बाबूराव बागुलांनी 1963 ला पुस्तकाला नावच दिलं, 'जेव्हा मी जात चोरली होती'. ती चोरी कुठल्या टायटनला कळणार?

आणखी एक. हेसिअडनं ही गोष्ट सांगितली त्यात विस्तवाची भरपाई म्हणून झ्यूस पँडोरा घडवतो. पहिली बाई. तिनं रांजण उघडला आणि सगळी दुखणी जगात पसरली. प्रोमिथिअस घेतला की ही पण त्याच्या पदराला येते. मनूला जाळून आलेल्यांनी हेसिअडला का सोडावं?

मग कसं घ्यावं? त्याला उत्तर जोतिबांनी देऊन ठेवलंय आणि आपण ते उलटून पाहत नाही. 'गुलामगिरी'ला इंग्रजी प्रस्तावना आहे. तिच्या माथ्यावर एक अवतरण आहे, आणि ते होमरचं आहे. आशय असा की माणूस गुलाम होतो त्या दिवशी त्याच्यातलं निम्मं चांगुलपण हिरावलं जातं. आता मजा बघा. हे होमरच्या 'ओडिसी'त बोलतो कोण? राजा नाही, देव नाही. युमिअस नावाचा डुक्कर राखणारा गुलाम. लहानपणी पळवून विकलेला. गावाबाहेर डुकरांच्या वाड्यापाशी राहतो, मालकाची डुकरं मोजतो, त्यातलं धष्टपुष्ट रोज वाड्यावर पाठवतो. डुकरं आणि गावाची वेस, हे दोन शब्द एकत्र आले की आपल्याला पुढचं सांगावं लागत नाही. फरक एवढा की होमर त्याला मानानं 'दिव्य' म्हणतो, कारण ग्रीकांत डुक्कर राखल्यानं विटाळ नव्हता. गुलामी होती.

पण युमिअस ते कशासाठी बोलतो? उकिरड्यावर मालकाचं म्हातारं कुत्रं मरायला टेकलंय, त्याला गोचिडांनी खाल्लंय, घरातल्या गुलाम बायांनी त्याची निगा राखली नाही. त्यावर हा म्हणतो की मालकाचा वचक सुटला की गुलाम नीट काम करीत नाहीत, कारण झ्यूसच गुलामाचं निम्मं मोल काढून घेतो. म्हणजे मुळात ही गुलामानं गुलामांविरुद्ध केलेली चुगली आहे! पाटलाच्या विश्वासातला माणूस आपल्याच आळीबद्दल जे बोलतो, तेच. जोतिबांनी ते वाक्य कुत्र्यापासून, वाड्यापासून, चुगलीपासून तोडलं आणि गुलाम करणाऱ्याच्या अंगावर फेकलं. आणि त्यांच्या पानावरच्या इंग्रजीत झ्यूस नाहीच. नुसता तो दिवस आहे, गुलाम करणारा. जोतिबांच्या हाताशी असलेल्या भाषांतरातच तो गळालेला होता की कसं, त्यात मी पडत नाही. पुस्तकात पुढं अवतारांची जी झाडाझडती आहे तिच्या दारावर देव नसलेला होमर उभा आहे, हे मला पुरतं. देवाला वजा करून घ्यायचं. प्रोमिथिअसवाल्यांनी हा हिशोब शिकावा.

युमिअसला सुद्धा डोक्यावर घेऊ नका. मालक परत आल्यावर तो मालकाच्या बाजूनं लढतो. वाड्यावर आलेले पाहुणे कापले जातात, मग ज्या गुलाम बाया त्या पाहुण्यांबरोबर होत्या त्यांची पाळी. बारा बाया. आधी त्यांच्याकडूनच मढी उचलून घेतात, टेबलं धुवून घेतात, मग मालकाचा मुलगा टेलिमॅकस जहाजाच्या एका दोरावर त्यांना ओळीनं फाशी देतो. होमर म्हणतो की जाळ्यात सापडलेल्या पाखरांसारखे त्यांचे पाय थोडा वेळ हलले. ओळ देखणी आहे. बायांची नावं? एक मेलान्थो सोडली तर नाहीत. पाहुण्यांना नाही म्हणायचं त्यांच्या हातात होतं का, हे कुणी विचारत नाही. आपल्याकडची समीक्षा होमरला 'महाकवी' म्हणून थांबते. मी पण महाकवीच म्हणतो, फक्त त्या दोराजवळ थांबून म्हणतो.

आणि आता परभणीकरांनो, इकडं लक्ष द्या. त्याच 'ओडिसी'त, फाशीच्या आधीच्या सकाळी, एक जात्यावरची बाई आहे. बारा बाया दळायला असतात. अकरा जणींचं झालंय, त्या झोपल्यात. एक सगळ्यात अशक्त, तिचं राहिलंय. उघड्या आभाळात गडगडतं. ती जातं थांबवते आणि झ्यूसला म्हणते की यांचं आजचं जेवण शेवटचं ठरू दे, यांच्या पिठासाठी माझे गुडघे मोडले. मागून ऐकत असतो मालक. त्याला आनंद होतो, शुभशकुन झाला म्हणून. बस्स. पाहुणे मेले, मालक गादीवर आला, पण त्या बाईचं काय झालं? घराला पीठ लागतच असणार. जातं तेच, फक्त खाणारे बदलले.

आपल्या गंगाखेडची जनाबाई पण जात्यावरचीच. तेराव्या-चौदाव्या शतकातली. गंगाखेडात जन्मली, पंढरपुरात नामदेवाच्या घरी दासी म्हणून वाढली आणि जन्मभर स्वतःला त्याची दासी म्हणत राहिली. तिच्या अभंगात विठ्ठल खाली बसून तिच्याबरोबर दळतो, कांडतो, केर भरतो, शेण्या वेचतो. ग्रीकांच्या अख्ख्या ऑलिंपसवर असा एक देव दाखवा. हेफेस्टस तेवढा कामकरी, भट्टीवरचा लोहार, पायानं अधू, आणि तो लंगडत दारू वाढायला लागला की बाकीचे देव फिदीफिदी हसतात. जनीच्या देवाला कुणी हसत नाही. कारण तो तिनं स्वतः घडवलाय, एकटीच्या कष्टात कुणी तरी सोबतीला असावं म्हणून. माझी आजी गंगाखेड भागातली. जात्यावर तिच्या तोंडी जनी असायची, नंतर त्याच चालीवर भीमाच्या ओव्या आल्या. म्हणून जनीची टर उडवणाऱ्या आपल्या काही मित्रांशी माझं जमत नाही. तिच्यात एका बाईचं दुखणं सच्चं आहे, ते होमरच्या बाईइतकंच सच्चं आहे, आणि होमरच्या बाईला निदान स्वतःची कविता नव्हती, जनीला आहे.

पण प्रश्न तिलाही विचारायचाच. देव दळू लागला, तरी जातं कुणाच्या घरचं? विठ्ठलानं हात लावल्यानं पायलीतला एक दाणा कमी झाला का? झ्यूस वर गडगडून गेला, विठ्ठल खाली बसून दळून गेला, दासी दोन्हीकडे दासीच. विठ्ठल जास्त माणसाळलेला, एवढं मी जनीच्या पदरात टाकतो. वारकरी प्राध्यापक यावर चिडतील. चिडू द्या. मिलिंद चिडला नव्हता.

मग ग्रीकांच्या गोतावळ्यात आपलं कुणीच नाही का? आहेत, पण कोपऱ्यात. 'इलियड'मध्ये थर्सिटीस आहे. साधा शिपाई. सगळ्या सेनापतींची नावं बापाच्या नावासकट येतात, याच्या बापाचं नाव होमर देत नाही. शरणकुमार लिंबाळेंचं 'अक्करमाशी' (1984) वाचलेल्याला यातलं दुखणं सांगायला नको. वर रूपाचं वर्णन: पाय फेंगडे, एक लंगडा, खांदे आत आलेले, डोकं निमुळतं, वर चार केस. ट्रॉयला आलेल्यात सगळ्यात कुरूप. आणि हा कुरूप माणूस भर सभेत राजा अगामेम्नॉनला विचारतो की लुटीचं कांस्य तुझ्या तंबूत, बाया तुझ्या तंबूत, आम्ही जिंकून आणायचं आणि तू ठेवायचं, चला रे आपण घरी जाऊ. ओडिसिअस राजदंडानं त्याच्या पाठीवर वळ उठवतो. तो रडतो. बाकीचे शिपाई, ज्यांच्या बाजूनं तो बोलला तेच, हसतात. ते हसणं मी गेटवर ऐकलंय. त्यावर लिहायला कुणीच नाही, सगळे आपले प्रोमिथिअसच्या मागं.

आणि अराक्नी. ही ग्रीकांची, पण आपल्यापर्यंत आली रोमच्या ओव्हिडकडून. लिडियाची पोरगी, बाप लोकर रंगवणारा, आई साध्या घरातली. विणण्यात अशी तयार की लोक म्हणायला लागले, हिला अथेनानंच शिकवलं असणार. ती म्हणाली, नाही. मला कुणी शिकवलं नाही, येऊ दे तिला माग लावून. आता एकलव्य आठवा. त्याला पण द्रोणानं शिकवलं नव्हतं. पण त्यानं मातीचा द्रोण केला, त्याला गुरू मानलं, आणि खरा द्रोण आला तेव्हा अंगठा दिला. आपल्या कवितेनं त्या अंगठ्यावर खूप रक्त सांडलंय, बरोबरच आहे. पण एकलव्यानं 'तू माझा गुरू नाहीस' असं म्हटलं असतं तर? ते अराक्नीनं म्हटलं.

दोघींनी माग लावले. अथेनानं कापडात विणले बारा देव सिंहासनावर, आणि कोपऱ्यात देवांशी बरोबरी करणाऱ्यांच्या शिक्षा. सरकारी पोस्टरच म्हणा. अराक्नीनं विणलं ते देवांचं चारित्र्य: झ्यूस बैल होऊन युरोपाला पळवतो, हंस होऊन लेडावर जातो, सोन्याचा पाऊस होऊन डॅनाईच्या कोठडीत शिरतो. एकामागून एक, सगळी बिंगं. ओव्हिड स्पष्ट लिहितो की त्या कामात अथेनाला खोड काढता आली नाही. मग तिनं ते कापड फाडलं आणि धोट्यानं पोरीच्या कपाळावर घाव घातले. पोरीनं फास लावून घेतला. अथेनाला कणव आली म्हणे, तिनं तिला कोळी करून टांगून ठेवलं. जोतिबांनी अवतारांची बिंगं विणली 1873 ला. बाबासाहेबांचं 'रिडल्स' सरकारनं छापलं 1987 ला, आणि राम-कृष्णावरचं परिशिष्ट काढून टाका म्हणून मोर्चे निघाले. काढू देणार नाही म्हणून आपली माणसं 1988 ला मुंबईच्या रस्त्यावर उतरली. खोड काढता आली नाही की कापड फाडायला धावायचं, हा धंदा ऑलिंपसवर पण चालत होता, एवढंच.

अराक्नीवर मराठीत आपल्यापैकी कुणाची कविता मी तरी वाचलेली नाही. कुणी लिहिली असेल तर पुढच्या अंकाला पाठवा. मी लिहायला घेतलीय. तिचा बाप जमला, रंगानं माखलेले हात रोज बघतोच. कापडाचं कडवं पण झालं. अडलंय ते फासापाशी. ओव्हिडची अराक्नी फास घेते आणि मला ती घेऊ द्यायची नाही. मग कोळी कसा होणार, आणि धोटा तिच्या हातात परत कसा द्यायचा, यावर जिनिंगच्या दोन पाळ्या घातल्या. ज्याला सुचेल त्यानं लिहावं, आधी ज्याची होईल त्याची छापू.